लसूणवेलीचं पाणी

कौशल्याने दुसरी बादली लसूणवेलीच्या आळ्यात ओतायला घेतली आणि कमरेला खोचलेला मोबाइल वाजू लागला. बादली अर्धी कलती धरून तिने एका हाताने फोन काढला. पाणी आळं सोडून तिच्या पायांवरून फरशीवर गेलं.

"सांडून राहिलं वो पाणी," व्हरांड्यातून तिचे यजमान भगवंतराव म्हणाले.

त्यांच्या खुर्चीवरून वेलीचा बुंधा दिसत नसे. मधे न्हाणीघराची भिंत होती. पण पाणी कुठे पडलं, किती पडलं, हे त्यांना बसल्या जागी कळे. चांगली गृहिणी वासावरून भाजीतलं मीठ सांगते म्हणतात, तसला प्रकार.

"बाईचा फोन हाय," ती म्हणाली आणि भिंतीकडे वळली.

बाई म्हणजे माणिकबाई, तिची थोरली बहीण. चिखलदऱ्याला एकटी राहायची. नवरा जंगल खात्यात होता, तो गेला. मागे दोन खोल्यांचं घर आणि परसात कॉफीची दहाबारा झाडं राहिली. तिकडे सकाळी रेंज बरी मिळते म्हणून ती नेमकी बादलीच्या वेळेला फोन करायची.

"कौशे, काल परतवाड्याले गेली होती मी. डोळ्याच्या डॉक्टरकडे."

"मंग? काय म्हणे?"

"काचबिंदू. डावा तं गेलाच समज. उजव्यानं समोरचं तेवढं दिसते, बाजूचं नाई दिसत. पावसाळाभर टिकला तं टिकला म्हणे."

कौशल्याने बादली खाली ठेवली.

"तू ये," माणिकबाई म्हणाली. "डोळे हायेत तोवर ये. मले काई नको तुह्याकडून. तोंड पाहू दे फक्त."

"तूच ये ना बाई इकडे."

"कशी येऊ? गाडीवरचा बोर्ड वाचता येत नाई. अन् अमरावतीची आग सोसाची माही ताकद राहिली नाई. तू ये."

"पाहतो. ह्यायले विचारतो."

"सहा वर्सापासून तू पाहूनच राहिली," माणिकबाई म्हणाली आणि तिनेच फोन ठेवला.

कौशल्या बादलीतलं उरलेलं पाणी आळ्यात ओतून, हात पदराला पुसत व्हरांड्यात आली. भगवंतरावांना तिने सगळं सांगितलं. त्यांनी पेपर घडी करून मांडीवर ठेवला, चष्मा काढला, पुन्हा लावला.

"वाईट झालं," ते म्हणाले. "बाईचे डोळे कसे होते. दाण्यातला खडा लांबून दिसे तिले."

"मी जाऊन येऊ म्हणतो. पंधराएक दिवस."

भगवंतराव गेटकडे पाहत राहिले. गेटच्या कमानीवर वेल दाट झाली होती. मग त्यांनी तेच विचारलं जे ते दर वेळी विचारत.

"अन् वेलीले पाणी कोण घालीन?"

अमरावतीहून चिखलदरा तीन तासांवर. परतवाड्याला गाडी बदलली की पुढे घाट, घाट संपला की बाईचं घर. लोक सुट्टीच्या दिवशी सकाळी जातात, दऱ्या बघून, मक्याची कणसं खाऊन संध्याकाळी परत येतात. कौशल्याला मात्र ते तीन तास सहा वर्षं पार करता आले नव्हते. मेळघाटातली वाघीणदेखील एवढ्या दिवसांत दोनदा जाऊन आली असती.

भगवंतराव अकोल्याच्या कृषी विद्यापीठात बत्तीस वर्षं रोपवाटिकेवर होते. निवृत्त झाले तेव्हा सोबतच्यांनी शाल-नारळाबरोबर पिशवीतलं एक वीतभर रोप दिलं. अमरावतीत घर बांधून झालं होतं, गेटजवळची जागा मोकळी होती, तिथे ते लावलं. आता त्या रोपाचा बुंधा मांडीएवढा झाला होता. कमान झाकून, पत्र्यावरून, पाण्याच्या टाकीला वेढा घालून वेल झोपायच्या खोलीच्या खिडकीवर उतरली होती. तिचे तणावे गजांना असे धरून बसले होते की तीन वर्षांत ती खिडकी उघडली नव्हती. खोलीत दुपारी बारालाही दिवा लावावा लागे. कापू या म्हटलं तर भगवंतराव म्हणत, बहर जाऊ दे. बहर गेला की म्हणत, आता कोवळी फूट आली. नाकापेक्षा मोती जड म्हणतात ते कौशल्याच्या घरी वेलीच्या रूपात नांदत होतं.

फुलत मात्र अशी की रस्त्याने जाणारे गाड्या थांबवून फोटो काढत. जांभळे घोस, दोन दिवसांनी तेच फिकट होत, मग पांढरे, आणि तिन्ही रंग एकाच वेळी वेलीवर. कुणी गेटपाशी रेंगाळलं की भगवंतराव आतून हाक मारून त्याला बोलवत, एक पान चुरगाळून नाकाशी धरत. लसणाचा वास येताच माणूस दचकून मागे सरके आणि भगवंतराव खूश होत.

"तिकडची हाय ही, दक्षिण अमेरिकेची," ते सांगत. "बारा महिने पाऊस पडते अशा रानातली. आपल्या वऱ्हाडात कशी जगन? म्हून सकाळी दोन बादल्या, संध्याकाळी एक. पाइपनं नाई चालत, बुंध्याची माती वाहून जाते. हातानंच घाला लागते."

हात कोणाचा, ते सांगत नसत.

पावसाळ्यात तरी सुटका असावी, तर तेही नाही. तेव्हा आळं उकरायचं, कुजलेली पानं वेचायची, बुंध्याला मुंग्या लागल्या का बघायचं. अकोल्याला चुलतभावाच्या मुलीचं, रागिणीचं लग्न झालं तेव्हा कौशल्या ना हळदीला होती ना पाठवणीला. अक्षता टाकल्या, उभ्या उभ्या दोन घास खाल्ले आणि दुपारच्या गाडीने संध्याकाळच्या बादलीला घरी हजर. मांडवातल्या बाया हसल्या. "कौशल्याबाईले तान्हं लेकरू हाय घरी," कुणीतरी म्हणालं, आणि लगेच सगळ्या गप्प झाल्या. कारण लेकरू खरंच होतं आणि आता नव्हतं.

नितेश. एकोणतीस वर्षांचा. अकोल्याहून मोटारसायकलने येत होता, मूर्तिजापूरच्या अलीकडे ट्रकने उडवलं. त्याला सहा वर्षं झाली. त्या वर्षातलं कौशल्याला फारसं काही आठवत नाही. भिंत आठवते, पलंगाजवळची. श्रावणात तिला हवापालट म्हणून बाईकडे धाडलं होतं ते आठवतं, कारण धुकं होतं. पंधरा दिवसांसाठी गेली होती, पण पाचव्याच दिवशी भगवंतराव दारात उभे. चल म्हणाले. दसऱ्याच्या सुमाराला त्यांची पाठ धरली आणि पाण्याचं काम तिच्याकडे आलं. तेव्हापासून ते तिचंच.

तिला वाटे, मुलगा गेल्यावर माणूस कशाला तरी धरून राहतं. यांनी वेलीला धरलं. धरोत बापडे. पण मला कावून बांधलं तिच्या बुंध्याला? हे ती कधी बोलली नाही. भाकरी थापताना थापा जरा जोरात पडत, एवढंच. माणिकबाईने मात्र तीनचारदा फोनवर भगवंतरावांना चांगलं सुनावलं होतं. ते नुसतं हो हो म्हणत. पालथ्या घड्यावर पाणी.

या वेळीही तसंच झालं. "पाऊस लागू दे, मंग पाहू," ते म्हणाले. पाऊस लागायला महिना होता, आणि बाईच्या डोळ्याचा वायदाही पावसाचाच होता.

त्याच आठवड्यात न्हाणीचं पाणी तुंबलं. भांड्याच्या मोरीतूनही उलटं येऊ लागलं. भगवंतराव मंगळवारी आणि शुक्रवारी सकाळी पाठीला शेक घ्यायला ऑटोने दवाखान्यात जात. मंगळवारी ते गेल्यावर सहदेव आला. कॉलनीतल्या सगळ्या मोऱ्या-नाल्या त्याच्याच हाताखालून गेलेल्या. पन्नाशीचा, काटक, बोलण्याची हौस असलेला माणूस. त्याने न्हाणीमागची फरशी उचकटली आणि शोषखड्ड्यापर्यंत खणत गेला. कौशल्या सावलीला उभी राहून बघत होती.

"काकू, हे पाहा इकडे," थोड्या वेळाने तो म्हणाला.

फुटलेल्या पाइपाच्या तोंडातून मुळांचा झुबका बाहेर आला होता. ओला, तांबूस, विस्कटलेल्या केसांच्या अंबाड्यासारखा. आणि पाइपाच्या बाजूने मनगटाएवढं एक मूळ सरळ शोषखड्ड्यात उतरलं होतं. सहदेवने खुरप्याने ते खरवडलं, वास घेतला आणि हसला.

"लसूण! तुमची वेल हाय ही. पाइप फोडून आत शिरली."

"वेल तिकडे हाय, गेटपाशी."

"हो, पण तोंड इथं हाय तिचं. न्हाणीचं, भांड्याचं, कपड्याचं, साऱ्या घराचं पाणी पेऊन राहिली ही." तो खड्ड्यात उकिडवा बसला. "तुमी वरून बी घालता का पाणी?"

"रोज. तीन बादल्या."

"कायले? दर्या में खसखस. वरच्या पाण्याची तिले खबर बी नसन."

कौशल्या खड्ड्याच्या काठावर बसली.

"कवापासून असन असं?"

"मनगटाएवढं मूळ काय एका वर्सात होते? चार-पाच वर्सं तं धराच. अन् त्याच्या आधी बी खाली गेलेलीच असन. असली झाडं एकदा लागली का कोणाची वाट नाई पाहत."

सहदेवने पाइपातली मुळं कापून काढली, नवा तुकडा जोडला, माती लोटली. फरशी बसवताना कौशल्या म्हणाली, "काकाजीले सांगू नोका. मुळाचं."

"मी कायले सांगू? मोरी तुंबली होती, मोकळी झाली," सहदेव म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने नेहमीसारखी बादली भरली, उचलली, वेलीपाशी आली आणि चार पावलं पुढे जाऊन कुंपणाच्या कडूलिंबाला ओतली. तिने मागे वळून पाहिलं. लहानपणी शेजारच्या मळ्यातली संत्री चोरताना ती अशीच पाहत असे. व्हरांड्यातून काही आवाज आला नाही. दुसरी बादली तिने जरा धीटपणे ओतली.

मे महिना होता. पारा पंचेचाळीसवर. कुंडीतली मोगऱ्याची पानं दुपारी कागदासारखी वाजत. चौथ्या दिवशी वेलीची दोन पानं पिवळी दिसली. ती संध्याकाळची बादली घेऊन बुंध्यापाशी गेली, थांबली, आणि पुन्हा कडूलिंबाकडे वळली. आठव्या दिवशी आळ्यातली माती भेगाळली. बाराव्या दिवशी खिडकीच्या गजांवर कोवळी, तुकतुकीत पालवी आली. पंधराव्या दिवशी ऐन उन्हाळ्यात, बहराची वेळ नसताना, कमानीवर एक जांभळा घोस उघडला.

कौशल्या तो घोस बघत गेटमध्ये उभी राहिली. तिला इतका राग आला की डोळ्यांत पाणी आलं. माणसावर येतो तसा राग. सहा वर्षं ती खांदे दुखेपर्यंत हिला पाजत होती, आणि ही आतल्या आत स्वतःचं बघत होती.

त्याच दुपारी माणिकबाईचा फोन आला.

"आज शेजारचे शेषराव समोर उभे होते, मी त्यायले खांबच समजली," ती हसत सांगू लागली, पण हसू मधेच तुटलं. "कौशे, उजव्याचं बी कमी होऊन राहिलं. तू येशीन तवा तुले आवाजानंच ओळखा लागते का काय, कोणाले मालूम."

"येतो," कौशल्या म्हणाली. "या आठवड्यात येतो."

"अन् वेलीले पाणी?"

"मरू दे वेल."

ती फोन ठेवून वळली तर भगवंतराव आतल्या दारात उभे होते. कूलरच्या आवाजात त्यांनी किती ऐकलं, कळायला मार्ग नव्हता. ते पलंगावर जाऊन बसले. कौशल्या त्यांच्या समोरच्या खुर्चीत बसली. इतकी वर्षं मनात घोळवलेली वाक्यं होती, त्यातलं एकही आठवेना. तेव्हा जे होतं ते तिने सांगितलं.

"पंधरा दिवस झाले. मी तुमच्या वेलीले थेंब नाई घातला."

तिला वाटलं, ते ताडकन उठतील. निदान गेटकडे बघतील. एक पान गळलं तरी उचलून हातात घेणारा माणूस. पण त्यांनी मानदेखील वळवली नाही. कौशल्याकडेच बघत राहिले.

"कडूलिंबाले ओतत होती ना?" ते म्हणाले.

"तुमाले कसं मालूम?"

"आळ्यात पडलेलं पाणी वेगळं वाजते. तिकडची माती कडक हाय."

"मंग बोलले कावून नाई?"

भगवंतरावांनी चादरीची घडी सारखी केली. ती आधीच सारखी होती.

"तिले नाई लागत पाणी," ते म्हणाले.

"कवापासून मालूम हाय?"

"पयल्यापासून. बत्तीस वर्सं झाडातच गेले माहे. अशा वेलीनं दोन उन्हाळे काढले का मंग तिले कोणाची गरज नाई. तू पाणी घालाले लागली तवा तिचे दोन उन्हाळे झालेच होते."

कूलरचं पाणी संपत आलं होतं, आत मोटर कोरडी घरघरत होती. ती बंद करायला दोघांपैकी कुणी उठलं नाही.

"अन् मी सहा वर्सं..." तिला पुढे बोलवेना. "माही सारी जिंदगी त्या बादलीत घातली तुमी. रागिणीच्या लग्नात राहू नाई देलं. बहीण आंधळी होऊन राहिली तिकडे. अन् तिले पाणी लागत नव्हतं?"

"तिले नव्हतं लागत. तुले लागत होतं."

ते इतक्या हळू म्हणाले की तिला आधी नीट कळलंच नाही.

"चार महिने तू भिंतीकडे तोंड करून होती," भगवंतराव सांगू लागले. "मले वाटलं, बहिणीकडे गेली, थंड हवेत राहिली तं बरं वाटन. चौथ्या दिवशी बाईचा फोन आला. म्हणे, कौशी रोज संध्याकाळी दरीवर जाते. कठड्याच्या पलीकडे जाऊन उभी राहते. मी रात्रभर बसून काढली अन् पयल्या गाडीनं आलो."

कौशल्याने आठवून पाहिलं. धुकं होतं. खाली काही दिसत नसे, आणि दिसत नसे म्हणूनच बरं वाटे. हवा खायला जात होते मी, असं ती म्हणणार होती. पण मग तिला कठड्याचा ओला लोखंडी दांडा आठवला. गार होता. तो तिच्या पाठीला टेकलेला होता. पाठीला, म्हणजे ती त्याच्या पलीकडेच होती.

"घरी आणल्यावर काय कराचं मले समजे ना. डॉक्टर म्हणे, कामात ठेवा. काम तं तू करतच होती. पोळ्या झोपेत बी करशीन तू. तुह्यावाचून कोणी मरन, असं काईतरी पाह्यजे होतं." ते थांबले. "घरात दुसरं काई नव्हतंच. म्हून सांगतलं, पाणी नाई घातलं तं वेल मरन."

"अन् तुमची पाठ?"

"तवा खोटी होती. मंग दोन वर्सांनी खरीच धरली."

तिला हसू आलं. आलं ते कुठून आलं कळलं नाही, आणि निम्म्यात रडूही आलं. सहा वर्षं ज्याला तिने मनातल्या मनात शिव्या दिल्या होत्या, त्याने तिला जगवलं होतं. पण जगवताना कोंडून ठेवलं होतं तेही खरंच होतं. राग काही गेला नाही. फक्त आता तो नीटपणे करायलाही जागा उरली नाही, आणि याचाच तिला जास्त राग आला.

"मंग सांगाचं ना," ती म्हणाली. "एक वर्सानं. दोन वर्सानं. मी उठली, हिंडली, फिरली. दिसत नव्हतं तुमाले?"

"दिसे."

"मंग?"

"कवा थांबाचं ते मले समजलं नाई," भगवंतराव म्हणाले. "दर वर्सी वाटे, एवढा एक उन्हाळा जाऊ दे."

बाहेर रस्त्यावरून फेरीवाल्याची हाक गेली. कौशल्या उठली, कूलर बंद केला, न्हाणीतून पाणी आणून त्यात ओतलं आणि पुन्हा चालू केला. तिची पाठ होती तेव्हाच त्यांनी विचारलं. समोरून त्यांना विचारवलं नसतं.

"तवा तुह्या मनात काय होतं?"

"मालूम नाई," ती म्हणाली. ते खरं होतं. "पण आता मले बाईचं तोंड पाहाचं हाय. दरी नाई पाहाची."

भगवंतराव कॅलेंडरपाशी जाऊन उभे राहिले.

"शुक्रवारी जा," ते म्हणाले. "सकाळची गाडी खाली राहते, बसाले जागा भेटते."

गुरुवारी तिने चिवडा केला, डाळीच्या वड्या डब्यात भरल्या, शेजारच्या बाईला डब्याचं सांगितलं. भगवंतरावांच्या गोळ्या सकाळच्या वेगळ्या, रात्रीच्या वेगळ्या करून ठेवल्या. शुक्रवारी उजाडताच ती तयार झाली. नव्या चपला घातल्या, मग काढून जुन्याच घातल्या. घाटात उलटी होते म्हणून सुपारीचं खांड तोंडात टाकलं. ऑटो गेटशी आला तेव्हा सहा वाजत होते, आणि तिचा हात आपोआप नळाच्या दिशेने जाऊ लागला होता. तिने तो पिशवीच्या बंदात अडकवला.

भगवंतराव सोडायला गेटपर्यंत आले. "पोचल्यावर फोन कर," म्हणाले. "बाईचा हात धरून चालजो." मग आणखी काही सांगायचं सुचेना म्हणून कमानीखाली उभे राहिले.

कौशल्या ऑटोत बसली आणि तिने त्यांच्याकडे पाहिलं. दाढी वाढलेली. पेपर आला होता तो तसाच फरशीवर पडलेला. हात दोन्ही बाजूंना लोंबत होते आणि त्या हातांचं काय करावं हे त्या माणसाला ठाऊक नव्हतं. सहा वर्षं रोज या वेळेला तो खुर्चीत बसून कान लावत होता. पाणी वाजलं की त्याचा दिवस सुरू होत होता. मुलगा त्याचाही गेला होता. तिला बादली मिळाली. त्याला कोणी काही दिलं नव्हतं.

"थांबजो जरा," ती ऑटोवाल्याला म्हणाली. मग डोकं बाहेर काढलं. "अजी."

ते जवळ आले.

"वेलीले पाणी घालजा."

भगवंतरावांनी तिच्याकडे बघितलं. ती थट्टा करते आहे का ते पाहत होते.

"सकाळी दोन, संध्याकाळी एक," ती म्हणाली. "अर्धी अर्धी बादली न्या, पाठ सांभाळून. पण चुकवू नोका. या उन्हात एक दिवस जरी चुकलं तं मरन ती."

त्यांनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला.

"घालीन," ते म्हणाले.

"मी सहाले फोन करीन रोज. फोन आळ्यापाशी धराचा. मले पाण्याचा आवाज आला पाह्यजे. अन् कडूलिंबाले घातलं तं मले समजन."

"काकू, गाडी सुटन," ऑटोवाला म्हणाला.

ऑटो हलला. भगवंतराव वळले आणि न्हाणीघराकडे गेले. लगेच बाहेर आले, नळाच्या कोनाड्यात वाकून पाहिलं, मग टाकीच्या मागे. मग अंगणाच्या मधोमध उभे राहून इकडेतिकडे बघू लागले.

"दाराच्या मागं हाय बादली!" कौशल्या ऑटोतून ओरडली.